शेऱ्याचा रकाना

सोराब दुबाश वारले तेव्हा त्यांच्या भाचीने
कॅम्पातून टेम्पो पाठवला. सोळा एमएमचे एकशे चाळीस डबे,
निम्म्यांना व्हिनेगरचा वास, दोनांत झुरळांची अंडी.
साहेब म्हणाले, गुरव, तुम्हीच बघा.
इंग्रजी टीव्हीचं आहे, कोणी मागायला येणार नाही.

बघितलं. लॉ कॉलेज रस्त्यावरच्या तळघरात,
पांढरे हातमोजे घालून, हाताने चाक फिरवत,
फाटलेली छिद्रं मोजत.
गोष्ट बघायची नसते, पट्टी बघायची असते.
तरी तिसऱ्या आठवड्यात तो दिसायला लागला.

आधी पोस्टमन. दार उघडतं, तार देतो, जातो.
मग दुसरा हवालदार; बोलायचं काम पहिल्याकडे.
मग मुडदा तपासून, भुवईही न हलवता,
"काल रात्री, दहाच्या सुमारास" म्हणणारा डॉक्टर.
खानावळवाला. बिशपचा चिटणीस. चोरीचं घड्याळ घेणारा सराफ.
एकदा तर नुसतं प्रेत,
आणि सांगतो, उत्तम प्रेत. बाकीचे श्वास चोरताना कळतात.
कान मोठे, डावा जरा पुढे आलेला. त्यावरून ओळखायचो.
नाव अगदी शेवटी, धावत्या यादीत, टोप बनवणाऱ्याच्या वर:
सिरिल ऑटवे.

नायक बदलले, त्यांचे भांग बदलले, चित्राला रंग आला.
ऑटवे फक्त म्हातारा होत गेला,
तेही दर खेपेला चार मिनिटांच्या आत.
मी त्याचं कार्ड केलं. कोणी सांगितलं नव्हतं.
साठावर भूमिका, एकाही पात्राला आडनाव नाही.

एका डब्यात दुबाशांनी जपलेलं कात्रण होतं, दोन बोटं रुंद.
जन्म किर्की, इंडिया, एकोणीसशे एकवीस.
बाप दारूगोळा कारखान्यात फोरमन.
अकराव्या वर्षी बोटीने मायदेशी.
भरवशाचा नट, असं लिहिलंय.
मला म्हैस आठवली, आणि तिचा टोणगा.

डबा एकशे एकोणतीस.
दवाखाना, पडदा, खाटेवर निवृत्त कर्नल, उशाशी पुतण्या.
सोबतच्या टंकलिखित कागदावर एवढंच:
कर्नल ग्लानीत पुटपुटतो, हिंदुस्थानी.
आवाज तपासायचा म्हणून कानाला यंत्र लावलं.

वकट.

चाक थांबवलं. उलटं फिरवलं.
वकट, लेंड, मूंड,
पुतण्या मृत्युपत्राचं विचारतोय,
नाल,
ऑटवेची बोटं चादरीवर पुढे सरकतायत,
दांडू टाकत टाकत विटीपर्यंत जावं तशी,
डोळा,
आणि तिथेच कट. खिडकी. पाऊसबिऊस काही नाही,
राखाडी विलायती आभाळ. मग नावं.

झकूला अजून दोन दांडू बाकी होते.

आम्ही दापोडीचे. नदीच्या अलीकडे
नालानंतर आर म्हणत, पलीकडे खडकीत डोळा.
यावरून माझ्या थोरल्या भावाचं कपाळ फुटलंय,
खूण शेवटपर्यंत होती.
कारखान्याच्या भिंतीमागची कोणाची तरी पोरं
या गोऱ्याला खेळायला घेत असणार,
बहुतेक विट्या आणून द्यायला.
लंडनात दिग्दर्शकाने विचारलं असेल, थोडं हिंदुस्थानी येतं का?
येतं म्हणाला असेल. भरवशाचा माणूस.

रीळ चार वेळा बघितलं. नियमात बसत नाही,
जुनी पट्टी दर फिरवण्याला थोडी झिजते.

मग दिवा लावला, कार्ड काढलं.
भूमिका: कर्नल. भाषा: हिंदुस्थानी खोडून मराठी.
शेऱ्याचा रकाना अर्ध्या इंचाचा,
त्यात मावलं तेवढं लिहिलं: नालानंतर डोळा.
मार्चअखेर मी निवृत्त झालो.
माझ्या जागी आलेली मुलगी हुशार आहे, नागपूरची.
तिला वाटेल, पट्टीवरचा काहीतरी दोष असावा.