सबब

कोर्टाचा आदेश मंगळवारी आला, दुपारच्या डाकेला.
भाऊसिंगजी रोडवरनं आमच्या टेबलापर्यंत
चालत दहा मिनिटांचा रस्ता.
पूर्वी असले कागद मुंबईहून यायचे,
आठवडा लागायचा, तेवढाच आम्हाला दम खायला.

चार पानं. मी शेवटचं पान आधी वाचतो, सगळेच वाचतात.
घर द्या, असं कुठंच नव्हतं.
होतं ते एवढंच : अर्जदाराला बोलवा, म्हणणं ऐका,
आठ आठवड्यांत काय ते ठरवा,
आणि जे ठरवाल त्याची कारणं लिहा.

साहेब म्हणाले, कारणं काढून ठेवा.
जणू ती कपाटातच होती.

कपाटात फाईल होती.
अर्ज क्रमांक दोनशे बारा. बाळाबाई मल्लाप्पा कोरवी,
राहणार सुतारवाड्याच्या खालच्या अंगाला,
धंदा बुट्ट्या विणणे, कुटुंबातील माणसं चार.
वाळवीनं डावा कोपरा खाल्लेला,
माझं अक्षर मात्र शाबूत.
विचाराधीन.
विचाराधीन.
त्रुटी पूर्ततेसाठी परत. विचाराधीन.
चौदा वर्षांत अकरा वेळा लिहिला हा शब्द,
आणि शपथेवर सांगतो, विचार एकदाही केला नाही.

एकोणीसचा पूर, मग एकवीसचा.
राजाराम बंधाऱ्यावर पाणी त्रेचाळीस फुटांवर गेलं
की ही बाई गाठोडं घेऊन चित्रदुर्ग मठात,
आणि तिचा अर्ज इथं, दुसऱ्या मजल्यावर,
कोरडाठाक.

नोंदवही उघडली.
दोनशे अकरा, मंजूर. दोनशे तेरा, मंजूर.
तीनशे चाळीसला तर चावी मीच दिली होती,
फोन आला होता.
कुणाचा, ते वहीत नाही.
मधे दोनशे बाराची ओळ कोरी.
पडलेल्या दाताच्या जागी जीभ जाते,
तसं माझं बोट तिथंच जात राहिलं.

सुनावणी गुरुवारी अकराला. ती साडेनऊलाच हजर.
रंगराव शिपाई म्हणाला, बसा.
ती भिंतीला टेकून खाली बसली.
खाली न्हवं मावशी, खुर्चीवर.
त्या खुर्चीवर इतकी वर्षं फाईली बसायच्या.
तिनं पदरानं आधी खुर्ची पुसली.

साहेबांनी विचारलं, काही सांगायचंय?
व्हय. ते चार लिवलंय न्हवं, ते खोडा.
मालक गेलं. पोरगं इचलकरंजीला मागावर, तकडंच ऱ्हातंय.
पोरगी नांदाय गेली.
मी एकलीच हाय, ल्हान खोली आसली तरी चालंल.
मग थोडं थांबून,
न्हाई म्हणायचं आसलं तर न्हाई म्हणा सायेब,
खरं कुनीतरी म्हणा. मी ते ऐकायबी आलोय.

साहेब टेबलावरच्या काचेखालचं कॅलेंडर बघत राहिले,
मागच्या सालचं.

संध्याकाळी टाइप करायला बसलो.
'अर्जदार तेव्हाही पात्र होती, आजही आहे.
वेळोवेळी कळविलेली त्रुटी नेमकी कोणती,
हे अभिलेखावरून दिसून येत नाही.'
अभिलेखावरून.
माझं नाव टाकायला बोट उचललं होतं,
तसंच परत ठेवलं.
'तिच्यामागून आलेल्या अर्जांना आधी मंजुरी दिल्याचे दिसते.'
हे वाक्य दोनदा खोडलं, तिसऱ्यांदा राहू दिलं.

आता शेवटचा परिच्छेद.
आमच्याकडं तो एकाच शब्दानं सुरू होतो.
घरी बायको तोच शब्द तोंडावर फेकते,
सबबी सांगू नका म्हणते.
इतकी वर्षं दोन्हीकडं एकच अर्थ चालवला मी.

रंगराव दिवे मालवत एकेक खोली करत येतोय.
पडद्यावर एवढंच उमटलंय :
सबब,
आणि स्वल्पविरामापुढं
कर्सर लुकलुकतोय.