दाराजवळचा

पहाटे सहाला ऑफिसात मी आणि हीटर.
बाहेर समुद्र गोठलेला, पलीकडे
हिउमा बेटाचे दोन दिवे.
रात्री वाइकेच्या लॅपटॉपवर बर्फाचा रस्ता खुला होता,
या मशीनवर बंद.
प्रोग्रॅम तोच. भोकं तीच, आकडे तेच.

म्हणून काळ्या पडद्यावर लिहिलं
पायथन, दोन आडव्या रेघा, व्हर्जन.
उत्तर आलं : दोन पॉइंट सात.

असं कसं?
ऑक्टोबरात मीच तीन बसवलं होतं,
त्या निमित्तानं वेलदोड्याचा केकही खाल्ला होता सगळ्यांनी.
विचारलं, कुठून बोलतोयस?
एन्देलच्या फोल्डरमधून, म्हणाला.
एन्देल, जो रिटायर होऊन
मधमाश्या पाळतो आता.

एका नावाचे दोघं घरात असले
की हाकेला दाराजवळचा ओ देतो.
नवा आत बसून होता, कोरा करकरीत,
चार महिने कुणी न विचारलेला.

मग गणित मांडलं.
एक भोक बावीस सेंटिमीटर, दुसरं तेवीस.
बेरीज पंचेचाळीस, भागिले दोन.
नवा म्हणतो साडेबावीस.
जुना म्हणतो बावीस, अर्धं खाली टाकतो,
सुतार भुसा टाकतो तसं.
आणि नियम असा :
बावीसच्या वर असेल तरच फाटक उघडायचं.

एन्देलला फोन केला. तो जागाच होता.
"चूक होती ती," म्हणाला,
"दुसऱ्या हिवाळ्यात कळली.
मग राहू दिली."
आणि पोळ्यांवर किती बर्फ साचलाय ते सांगत बसला.

फाटकाशी पावाची गाडी उभी.
रेइन काच खाली करून बघतोय,
पट्टा न लावलेला; बर्फावर लावायचाच नसतो,
दार उघडून पटकन उडी मारता यायला हवी.
"काय म्हणतंय मशीन?"
"कुठलं?" मी म्हणाले.
त्याला वाटलं मी चेष्टा करतेय.

गिरमिट घेऊन चालत गेले, तिसरं भोक पाडलं.
पाणी वर आलं, काळं, बिनआवाजाचं.
पट्टी बुडवली, आकडी कडेला अडकवली.
बावीस.
आणि त्याच्या वर काहीतरी होतं,
बर्फ होता की भोकाचा भुसा,
हातमोजे काढून चाचपलं तरी
ठरवता येईना.

मागे रेइननं एकदाच हॉर्न दिला, हलकेच.
पाव गार होत होते.