साडेतीन चौकटी

तारामुंबरीच्या वाळूत, सुकत घातलेल्या जाळ्यांच्या पलीकडे
चैत्रात तंबू लागायचा.
यंत्रावर हसनमियां सोलकर,
भोंग्यावर आबी कोयंडे.
आबीला इंग्रजी चौथीपुरतंही येत नव्हतं,
पण पडद्यावरच्या गोऱ्यांना
तो मालवणीत भांडायला लावायचा.

त्या वर्षी समुद्रातून राक्षस आला.
खवले, कल्ले, बोटांच्या मध्ये कातडं.
पुढे बसलेले गाबीत आधी हसले.
कुणी म्हणालं, हा पाच वाव पाण्यातला,
कुणी भाव विचारला.
मग तो धक्क्यावर चढला, आणि हसणं थांबलं.
टोपली उपडी घालून बसलेली काशी मेथर तेवढी
मोठ्यानं म्हणाली,
"तेका भूक लागली आसतली रे."

दुसऱ्या खेळाला आबीनं ते वाक्य चोरलं.
तिसऱ्या खेळाला राक्षस स्वतःच बोलला.

मुळात तो मुका.
लिहिणाऱ्यानं त्याच्या तोंडी
एक शब्द ठेवला नव्हता.
आबीला ती रिकामी जागा दिसली.
भोंगा ओठांशी नेऊन, जवळजवळ कानात सांगावं तसं:
"माका पाण्यात जांव दे.
हयसर उजेड खूप आसा."

त्या रात्री होड्या उशिरा सुटल्या.

चौथ्या दिवशी रीळ अडकलं.
दिव्यानं सुरुवातीची पाटी भाजली.
हसनमियांनं जळकं कापलं, टोकाला टोक चिकटवलं,
तुकडा वाळूत फेकला.
मी उचलला. साडेतीन चौकटी,
आणि कंदिलापुढे धरल्यावर
मुंगीच्या पायांएवढी पांढरी अक्षरं.

तोडणकर मास्तरांनी भिंग लावलं.
"लेखक, हॅरल्ड विंकॉट."
म्हणजे?
"म्हणजे हे सगळं ह्या माणसानं बसून लिहिलं."

मला ठाऊकच नव्हतं.
मला वाटायचं बांगडा येतो तसा तो येतो,
वारा फिरला की.
भीती कुणी खुर्चीत बसून लिहितं,
खोडतं, परत लिहितं,
भाडं थकलेलं असताना लिहितं
(हे भाड्याचं माझं मीच ठरवलं),
हे त्या दिवशी कळलं, आणि रात्री झोप आली नाही,
राक्षसामुळे नव्हे.

पुढे बरंच शोधलं.
नऊ चित्रपट निघाले. एका यादीत नावातलं अक्षर चुकलेलं.
एक फोटो: सगळे नटनट्या मधोमध,
कडेला एक खांदा, अर्धी टाय,
तोच असावा.

विंकॉटसाहेब,
तुमचं नाव आमच्याकडे कात्रीनं गेलं.
त्यानंतर देवगडपासून वेंगुर्ल्यापर्यंत
सगळे खेळ बिननावाचेच झाले.
पण तुमचा राक्षस बोलला.
काय बोलला ते वर लिहिलंय.
पटलं नाही तर खोडा,
अधिकार तुमचाच.

तुकडा माझ्या कंपासपेटीत आहे.
झाकण उघडलं की आमसुलांच्या बरणीसारखा
आंबूस वास येतो, दरवर्षी थोडा जास्त.
मी तो फार वेळ
उजेडात धरत नाही.