सौंसर, साकोली, सिंदेवाही

आधी ‘स’ गेला.
गणेशपेठच्या बसस्थानकात माईकवर मी चौदा वर्षं,
आणि एक दिवस सौंसरची गाडी
माझ्या तोंडातून शीळ घालत सुटली.
नियंत्रक म्हणाले, नंदनवार बाई, माईक बदलू का?
म्हटलं, माईक नाही, मीच.

वरच्या दोन दातांच्या मध्ये, हिरडीवर,
तुरीचा दाणा.
दुखत नव्हता. दुखला असता तर लवकर गेले असते.

सक्करदऱ्याच्या एका दवाखान्यात
तो नुसता वरून छाटला.
तीनशे रुपये, कापसाचा बोळा.
दिवाळीला गेला, होळीला परत आला
बोराएवढा होऊन,
दोन्ही दातांना खांद्याने सरकवत,
तिघांच्या सीटवर चौथा बसतो तसा.

चालक बंडू फुसे, गालात खर्रा,
माझ्याकडे बघून थुंकायलाच विसरला.
‘तुमी तं सुपारीबी खात नाई, बाई.
मंग तुमाले कसं काय?’
त्याच्या ‘कसं काय’मध्ये जो शब्द होता
तो आम्ही दोघांनीही उच्चारला नाही.

मेडिकलचं दंत महाविद्यालय. मे महिना.
कूलर नुसता आवाज करतो,
खुर्चीभोवती सहा विद्यार्थी वाकलेले.
डॉ. शेफाली हेडाऊ दाबून बघते: वरून गुलाबी, आत टणक.
एक्स-रे उजेडाकडे धरते,
त्यात धुळीसारखे पांढरे ठिपके.
‘हाड असावं.’
‘हिरडीत?’
‘हिरडीत. दाताला जागेवर धरणारे धागे असतात,
त्यांना काही खुपत राहिलं की कधीकधी
ते हाड रचायला लागतात.
बहुतेक तेच. पण बहुतेकवर मी सोडत नाही.
काढू, तपासू.’

काय खुपलं असेल?
माझ्याकडे यादी तयार होती: गोंदियाची बदली,
धाकट्या दिराने लिहून घेतलेली खोली,
अजून एकदोन, ज्यांना नावं नाहीत.
ती म्हणाली, ‘किटण. तिथे ब्रश नीट फिरवत नाही तुम्ही.’

मग सुई. ओठ कुणा दुसऱ्याचा झाला.
तिने मुळापासून काढलं,
हाडावरच्या पातळ पदरापर्यंत खरवडलं,
करपलेल्या पातेल्याचा तळ खरवडावा तसं;
आवाज कानात नाही, कवटीत आला.
‘मागच्याने इथपर्यंत यायला हवं होतं,’ ती विद्यार्थ्यांना म्हणाली.
किटण काढलं, टाके, वर गुलाबी लेप.
बाटलीत तो तुकडा तरंगला नाही, बुडाला.
चिठ्ठीवर माझं नाव, वय एकेचाळीस.

आठ दिवस.
या आठ दिवसांत मी भंडारा म्हटलं, गोंदिया म्हटलं;
साकोलीचे लोक खिडकीशी येऊन विचारत राहिले.

नवव्या दिवशी तिने मला काचेतून बघू दिलं.
आमच्या घरी माग होता, म्हणून मला आधी वीण दिसली,
चूक नंतर:
गुलाबी दोऱ्यांत मध्येच जांभळी बेटं,
कुणी न सांगता बांधायला घेतलेली.
नाव एवढं लांब की पाटीवर मावू नये,
पेरिफेरल ऑसिफाइंग फायब्रोमा.
‘साधी गाठ आहे. कॅन्सर नाही.’
तो शब्द पहिल्यांदा कोणी मोठ्याने म्हटला,
आणि तोही ‘नाही’ला जोडून.
‘पण ही परत येऊ शकते.
तीन महिन्यांनी या. बरं वाटलं तरी या.’

बंडूला सांगितलं. ‘हाव का,’ म्हणाला,
आणि खर्र्याची पुडी खिशात ठेवली.
फेकली नाही.
‘त्या म्याडम कोणत्या वारी बसते?’
मी वार सांगितला.

दातांमधली फट अजून आहे.
हळूहळू मिटेल, नाहीतर तार बांधू, असं ठरलंय.
सोमवारी माईक सुरू केला:
सिंदेवाहीला जाणारी गाडी एक तास उशिरा सुटेल.
‘स’ थोडा ओला होता, पण होता.
फलाटावरून कोणीतरी शिवी घातली.
जीभ त्या जागी गेली.
काही लागलं नाही.
पुन्हा गेली.