सूर धरणारा

कोरवी गल्लीत ट्रायपॉड उभा केला तेव्हा
यल्लाप्पांनी आधी पोरं हाकलली,
मग म्हणाले, "माझं काय घेताय?
मला जत्रंत लोकं वळखत्यात.
सत्याप्पाला घ्या."

सत्याप्पा म्हणजे सूर धरणारा.
चाळीस लग्नसराया यल्लाप्पांच्या डाव्या अंगाला
एकच स्वर, गाल फुगवून, न तोडता.
बिदागीच्या वहीत त्याचं नाव नाही,
'सनई, दोन नग' एवढंच.
लग्नांच्या फोटोंत तो कायम अर्धा,
कडेला कापलेला.

पापाच्या तिकटीजवळ, दुकानाच्या माळ्यावर
तो आता चपलांच्या पट्ट्यांना वेणी घालतो.
दात गेले.
पत्ती भिजवून ओठांत धरली,
फुंकर आली, स्वर नाही.
"ऱ्हाऊ द्या, रीळ वाया जाईल."
रीळ आता नसते, हे मी सांगितलं नाही.

मग यल्लाप्पा खाली बसले
आणि जन्मात पहिल्यांदा
त्यांनी नुसता सूर धरला.
सत्याप्पाची बोटं वादीवर थांबली,
मग चामड्यातच
भोकं शोधू लागली.

एडिटर म्हणतो, अकरा मिनिटं एकच स्वर,
काही घडत नाही यात, काप.

नाही कापलं.
खालून बुलेट जाते, दूधवाला कुणाला तरी शिवी देतो,
तेही ठेवलंय.
नवव्या मिनिटाला सत्याप्पा विचारतो,
"पुरता येतोय न्हवं मी?"
आणि चौकट जरा हलते,
हातभर मागं सरकते.