निळा

टेप माझ्या हातात असायची.
लेन्सपासून नटीच्या डाव्या डोळ्यापर्यंत
सात फूट चार इंच,
आणि रासकर म्हणायचे, "तीनच धर,
वाक्य संपताना ती पुढे झुकते."

बावीस वर्षं दुसऱ्यांचे सिनेमे उजळले त्यांनी.
गळ्यात मीटर, खिशात खारे दाणे.
दिग्दर्शक म्हणायचा, संध्याकाळ हवी.
हे विचारायचे, कुठली?
मंडईत भाजीवर ओलं पोतं टाकतात तेव्हाची,
की कर्वे रोडला क्लास सुटतात तेव्हाची?
बहुतेकांना ठाऊक नसायचं.
"साहेब, चुकतंय," हे तोंडावर सांगायचे.
पाटीवर नाव शेवटून तिसरं.

त्रेपन्नाव्या वर्षी स्वतःचा केला.
पहिला दिवस, लॉ कॉलेजच्या मागची टेकडी.
शॉट संपला. नट थांबला.
एक कुत्रं आलं, बसलं, कंटाळून गेलं.
सगळे यांच्याकडे बघतायत
आणि हे ढगाकडे.
शेवटी मी खोकलो.
"अरे हो, कट आता मीच म्हणायचं ना."

दुसरा, कोथरूडचा प्लॉट विकून.
त्यात भिंती निळ्या, दूध निळं,
दुपारी दोनचं ऊन हौदात बुडवल्यासारखं.
लॅबमध्ये ग्रेडरने माझ्याकडे पाहिलं,
मी खाली, चपलांकडे.
हे म्हणाले, "अजून थोडा. पिवळं मारतंय."
पेपरात आलं: रासकरांचा निळा.
एकाने दोन रकाने लिहिले, विरहाबद्दल.
पेढे मी वाटले.

परवा उजव्या डोळ्याची पट्टी निघाली.
मोतीबिंदू, जुना, चांगला पिकलेला.
डावा पुढच्या महिन्यात.
घरी येताच त्यांनी सिनेमा लावला,
डावा डोळा तळहाताने झाकून.
वीस मिनिटं.
मग उजवा झाकून, तीच वीस मिनिटं.

"मोघे, एवढं निळं होतं?"
"हो."
"तुला दिसत होतं?"

खाली प्रभात रोडवर कुणीतरी स्कूटरला किक मारत होतं,
लागत नव्हती.

वहिनींनी चहा आणला. पांढरा कप, खिडकीतला उजेड.
त्यांचा हात गळ्याशी गेला,
मीटर तिथे नव्हतं.
"किती असेल?"
"फाइव्ह-सिक्स," मी म्हणालो, त्यांना बरं वाटावं म्हणून.
"फोर," ते म्हणाले.
"नीट बघ. आणि या वेळी सांग."