भांडे, लाकडी, एक

शिवाजीनगरच्या कोर्टात कारकुनानं विचारलं,
तिकडे तुमचं अजून काही सामान राहिलंय?
म्हटलं, आइस्क्रीमचा पॉट.
त्यानं मान वर केली, खाली घातली,
आणि लिहिलं: भांडे, लाकडी, एक.

लाकडी खरा, पण पट्ट्या गंजलेल्या,
दांड्याच्या मुठीला सुतळी,
आतल्या डब्याच्या झाकणाला पोचा.
नव्या पेठेतल्या या दीड खोलीत
दोन वर्षं तो कांदे सांभाळत होता.

काल सकाळी खालच्या दारात
मुळशीकडची बाई बसली, पाटीत करवंदं.
पळसाच्या द्रोणानं माप, वर चार सांडतील इतकं.
"कोंबडा का कोंबडी?" तिनंच विचारलं.
मी एक चावलं. आत लाल.
कोंबडा!
बावन्नाव्या वर्षी उगाच जिंकल्यासारखं वाटलं.
दोन किलो घेतली.

चक्का रात्रीच टांगला, मोरीच्या नळाला,
मलमलच्या फडक्यात.
थेंब थेंब पाणी पातेल्यात पडत राहिलं,
घरात अजून कुणी जागं असल्यासारखं.
दही मुद्दाम एक दिवस जास्त ठेवलेलं.
त्यांना आंबट चालायचं नाही.
तेवीस उन्हाळे मी दूध आटवलं,
साखर ओतली, केशर चुरलं, वेलदोडा कुटला.
"जमलंय," म्हणायचे, चमचा चाटून,
आणि वाटी तिथंच ठेवून उठायचे.

आज गुरुवार. लाइट नाही, नळ कोरडा.
गणेश पेठेतून मासळीवाल्याचा बर्फ आणला पोत्यात.
रिक्षावाला आरशातून म्हणाला,
मावशी, पापलेट का?
म्हटलं, हो. आंबट पापलेट.

करवंदं जराशी शिजवली, गाळणीवर रगडली,
बिया वर, रंग खाली.
चीक अजून बोटं सोडत नाही.
चक्क्यात रस ओतला तर
पांढऱ्यातून जांभळं असं धावलं
की ढवळायची राहिले मी.
साखर चाखत चाखत घातली,
आणि माझ्या जिभेनं पुरे म्हटल्यावर
डब्याला झाकण लावलं.

अडचण एकच. पॉटला माणसं दोन लागतात,
एक फिरवणारं, एक वर बसून दाबणारं.
वाटणीच्या वेळी हे लक्षातच आलं नव्हतं.

वरच्या मजल्यावरची शिवकन्या, जिंतूरची,
तिसऱ्यांदा परीक्षेला बसतेय.
अभ्यासिकेत पंखे बंद, म्हणून जिन्यात वाचत होती.
म्हटलं, बसतेस का जरा यावर? वाच तिथंच.
बर्फ, खडेमीठ, बर्फ, खडेमीठ,
वर पोत्याची चौपदरी घडी,
आणि त्यावर ती, वही घेऊन, गादीवर बसल्यासारखी.

कलम चौदा, कायद्यापुढे समानता.
करकर, करकर.
कलम एकोणीस तिला पाठ नव्हतं,
तेवढ्यात मी हात बदलून घेतला.
एकविसाला तिनं पाय वर घेतले,
"काकू, खालून लई गार लागायलंय."
खारट पाणी भोकातून गळत मोरीकडे निघालं.
बत्तिसाच्या सुमाराला दांडा जड झाला.
जड झाला की सोडायचा नसतो,
खरं काम तिथूनच पुढे असतं,
हे मला आइस्क्रीमपुरतं तरी ठाऊक होतं.

झाकण काढलं. कडेला खडे, मध्ये मऊ.
पोच्यातून थोडं मीठही आत शिरलं असावं.
शिवकन्येनं पहिला चमचा तोंडात घातला,
एक डोळा मिटला, खांदे कानापर्यंत गेले.
"लई आंबट आहे, काकू,"
आणि वाटी पुढे केली.
मग फिरकीला चिकटलेलं बोटांनी,
मग डब्याच्या तळाचं,
मग वहीच्या कोपऱ्यावर सांडलेलंसुद्धा.

सहाला लाइट आली. फ्रीज गुरगुरला.
एका वाटीत दोन घोट उरले होते, पातळ झालेले.
उभ्यानंच प्यायले.